ड्रॉवर नंबर १७: क्रिनॉइडच्या प्रकल्प नोंदी

११ नोव्हेंबर २०२४, सोमवार

विषय एकदाचा ठरला. विभागाच्या संग्रहालयात ड्रॉवर नंबर १७ मध्ये क्रिनॉइड या समुद्री प्राण्याचे जुने जीवाश्म नमुने वर्षानुवर्षं पडून आहेत. त्यांची नोंदवही करायची, मोजमापं घ्यायची, एखाद्या तुकड्याचे थिन सेक्शन, म्हणजे मायक्रोस्कोपखाली बघायचे पातळ काप, काढायचे. सर म्हणाले, "तुम्ही दोघी मिळून घ्या. फील्डचं शेवटी बघू." बाकीची बॅच लामेटाचे थर, लाव्हांच्या मधले इंटरट्रॅपियन थर आणि कोळसा यांत वाटली गेली. त्यातल्या एकाने विचारलंच, "नागपुरात बसून समुद्रातले प्राणी? कायले?"

प्रश्न रास्त आहे, म्हणून उत्तर पहिल्याच पानावर. नागपूरच्या आसपास क्रिनॉइड मिळत नाही. तळाला नाइस आणि शिस्ट, त्यावर गोंडवनाचे थर, मग लामेटा, मग डेक्कन ट्रॅप आणि दोन लाव्हांच्या मधे अडकलेले तळ्यांचे थर. कामठीचा वाळूखडक नद्यांनी आणलेला, टाकळीचा थर तळ्यात साचलेला. क्रिनॉइड हा एकायनोडर्म, म्हणजे तारामासा आणि सी अर्चिनचा भाऊबंद. या अख्ख्या संघात गोड्या पाण्यात राहणारी एकही जात नाही. त्यांच्या शरीरातल्या नळ्यांत खेळणारं पाणी बाहेरच्या समुद्राइतकंच खारट असतं, आणि क्षारांचा तोल सांभाळणारी इंद्रियंच त्यांना नाहीत. नदीचं पाणी मिसळून समुद्र गोडसर झाला की बहुतेक जाती टिकत नाहीत.

म्हणून एखाद्या थरात क्रिनॉइडचा कण सापडला तर तिथे खरा, पुरता खारा समुद्र होता असं म्हणायला बळ मिळतं. तुटका कण हातात आला तर तो किती सांगतो आणि कुठे गप्प बसतो, हेच आम्हाला बघायचं आहे. गोंडवनातल्या तलचीर थराचं प्रकरण जरा वेगळं आहे, ते फील्ड ठरलं तर.

१४ नोव्हेंबर

ड्रॉवर उघडायलाच अर्धा तास गेला. सागवान फुगलेलं, कडी गंजलेली. प्रयोगशाळेतल्या काकांनी खालून ठोकून ओढला. आत पुठ्ठ्याच्या चौकोनी खोक्या, प्रत्येकीत कापूस, कापसावर धुळीचा थर. काही चिठ्ठ्या जर्मन छपाईच्या: बॉनच्या क्रान्ट्झ या पेढीच्या. ही पेढी १८३३ पासून खनिजं आणि जीवाश्म विकते, आणि जुन्या कॉलेजांच्या संग्रहांत तिची खोकी हमखास भेटतात. काही चिठ्ठ्यांवर शाईने लिहिलेलं, काही वाळवीने खाल्लेल्या, आणि बऱ्याच खोक्यांत चिठ्ठीच नाही.

नमुने एकदा वरवर पाहून घेतले. सगळ्यात जास्त आहेत सुट्या गोल चकत्या, करड्या रंगाच्या, मधोमध भोक. चिठ्ठीवर एन्क्रिनस लिलिफॉर्मिस, मुशेलकाल्क. म्हणजे जर्मनीतला मध्य ट्रायासिकचा चुनखडक, वय साधारण २४ कोटी वर्षं. मग एका बाजूने पॉलिश केलेला काळपट चुनखडकाचा तुकडा, त्यात पांढरे गोल आणि आडव्या पट्ट्या खच्चून भरलेल्या. चिठ्ठीवर फक्त कार्बोनिफेरस आणि डर्बिशायर. पाच टोकांच्या ताऱ्याच्या आकाराच्या छोट्या चकत्या एका काचेच्या नळीत, बुचाचा चुरा झालेला. आणि एक विचित्र नमुना: फिकट चर्टमध्ये, म्हणजे गारगोटीसारख्या कठीण दगडात, पोकळ्या, पोकळीच्या मधोमध दगडी स्क्रू उभा.

काकांनी एन्क्रिनसच्या तीन-चार चकत्या तळहातावर घेतल्या. "हे तं मण्यावानी दिसून राह्यलं पोरी. भोकबी हाये मधात." काकांच्या डोळ्याला जे दिसलं तेच इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावरच्या लोकांनाही दिसलं होतं. लिंडिसफार्न बेटावर अशा चकत्या वाळूत मिळतात, तिथे त्यांना संत कथबर्टचे मणी म्हणत आणि माळेत ओवत.

१९ नोव्हेंबर

दिवसभर वर्नियर आणि भिंग. आधी इथे प्राण्याची रचना लिहून ठेवते, म्हणजे पुढच्या नोंदी कळतील.

क्रिनॉइडचे भाग तीन. तळाशी घट्ट धरून ठेवणारं मूळ, त्यावर लांब दांडा, आणि दांड्याच्या टोकावर कॅल्साइटच्या (चुनखडकाचं खनिज) पट्ट्यांचा पेला. पेल्यातून पाच बाहू निघतात, ते पुढे फुटत जातात, आणि प्रत्येकाला दोन्ही बाजूंनी बारीक फांद्या. पाण्यातून वाहत आलेले अन्नकण बाहूंवरच्या खाचांतून तोंडाकडे सरकतात. तोंड वर, आणि गुदद्वारही वरच, शेजारी. दांडा म्हणजे एकावर एक रचलेल्या चकत्या. या चकतीला कॉलम्नल म्हणतात. ड्रॉवरमधले नव्वद टक्के नमुने याच आहेत, आणि जगभरातल्या खडकांतही हीच गत. प्राणी मेला की चकत्यांना बांधणारे तंतू काही दिवसांत कुजतात आणि सगळा सांगाडा विखुरतो. अख्खा क्रिनॉइड हवा असेल तर तो जिवंतपणी किंवा मेल्या-मेल्या गाळाखाली गाडला जावा लागतो.

एन्क्रिनसची एक चकती जवळून: व्यास ९ मिलिमीटरच्या आसपास, उंची त्याच्या निम्म्याहून कमी. सपाट तोंडावर कडेकडेने बारीक रेघा, केंद्रापासून बाहेर जाणाऱ्या. एक उंचवटा, एक खाच, पुन्हा उंचवटा. मधला भाग बराचसा गुळगुळीत आणि अगदी मधोमध भोक, ज्यातून जिवंतपणी मऊ ऊती जात होती. दोन चकत्या एकमेकींवर ठेवून हलक्या हाताने फिरवल्या की एका जागी उंचवटे खाचांत बसतात आणि हाताला किंचित अडकल्यासारखं लागतं. या रेघांमुळे दांडा वाकतो पण पिळत नाही. पार्टनरने डोळे मिटून करून पाहिलं, तिलाही ती जागा बरोबर सापडली.

काही चकत्या शेजारच्यांपेक्षा जाड आणि कडेला फुगीर आहेत. त्या नोडल. दोन नोडलच्या मधे भरीला घातलेल्या बारीक त्या इंटरनोडल. दांडा वाढताना नव्या चकत्या पेल्याच्या बुडाशी तर येतातच, आधीच्या चकत्यांच्या फटींतही येतात. त्यामुळे एकाच प्राण्याच्या दांड्यात वरची चकती आणि खालची चकती ओळखू न येण्याइतकी वेगळी असू शकते.

आणि इथेच नाव देण्याचा घोळ सुरू होतो. क्रिनॉइडिया हे नाव १८२१ मध्ये जे. एस. मिलर यांनी दिलं, तेव्हापासून वर्गीकरण उभं आहे ते मुख्यतः पेल्याच्या पट्ट्यांवर. किती वलयं, कोणती पट्टी कोणाला टेकलेली, बाहू कुठून सुटतात. हे काही चकतीत दिसत नाही. १९६८ मध्ये मूर आणि जेफर्ड्स यांनी कॅन्ससहून फक्त दांड्याच्या तुकड्यांसाठी नावांची वेगळी पद्धत मांडली. कामाची आहे, विशेषतः पेले मिळतच नाहीत अशा थरांत. पण त्या पद्धतीत एकाच प्राण्याला दोन नावं मिळण्याची वाट मोकळी राहते, एक पेल्याचं आणि एक दांड्याचं. माझं मत असं की आपल्या नोंदवहीत चकतीचं वर्णन भरपूर लिहावं आणि जातीचं नाव चिठ्ठीवर असेल तरच, तेही "चिठ्ठीनुसार" म्हणून. पार्टनरला हे फार भित्रं वाटतं.

२० नोव्हेंबर

विधानसभेचं मतदान. विभाग बंद. शाई लावून घरी, दुपारी वाचन.

क्रिनॉइड संपलेले नाहीत. आज सहाशेहून जास्त जाती आहेत. बहुतेक बिनदांड्याचे, ज्यांना फेदर स्टार म्हणतात. लहानपणी त्यांनाही दांडा असतो, तो सोडून ते मोकळे होतात. आयर्लंडमध्ये जॉन व्हॉन थॉम्पसन यांनी १८२७ मध्ये छोटासा दांड्याचा क्रिनॉइड म्हणून ज्याचं वर्णन केलं ते फेदर स्टारचं पिल्लू निघालं, आणि हेही त्यांनीच १८३६ मध्ये दाखवून दिलं. दांड्याचे मोठे क्रिनॉइड आता खोल पाण्यात सरकले आहेत. त्यातलेही सगळे एका जागी खिळलेले नसतात: टोमास्झ बाउमिलर आणि चार्ल्स मेसिंग यांच्याकडे दांड्याचा क्रिनॉइड बाहूंनी तळावरून स्वतःला ओढत, मागे दांडा फरफटवत चाललेला आहे असं चित्रण आहे. सी अर्चिन त्यांना खातात, तेव्हा पळण्याला कारणही आहे.

जर्मनीत होल्झमाडेनच्या ज्युरासिक शेलमधले सायरोक्रिनस तर तरंगत्या ओंडक्यांना लटकून राहायचे, दांडा दहा मीटरच्या वर. ओंडक्यासकट ते तळाशी गेले, तिथल्या पाण्यात ऑक्सिजन नव्हता, खाणारं-कुरतडणारं कोणी नव्हतं, म्हणून अख्खे टिकले. तिथल्या हाउफ संग्रहालयातली एकच फळी १८ मीटर लांब आहे. आमच्या ड्रॉवरची अख्खी लांबी ६० सेंटिमीटर.

२६ नोव्हेंबर

पार्टनरचा दिवस. "क्रिनॉइड, कळी" असं लिहिलेल्या खोक्यात बोराएवढा एक नमुना होता. तिने तो पाण्यात धुतला, ब्रश मारला आणि पाच लांबट पाकळ्यांसारखे पट्टे वरून खाली आलेले दिसले, प्रत्येक पट्ट्यावर आडव्या बारीक रेघा. हा ब्लास्टॉइड, बहुधा पेंट्रेमाइट्स. क्रिनॉइडसारखाच दांड्यावर राहणारा, पाच बाजूंचा, पण वर्ग वेगळा. क्रिनॉइडचे बाहू पेल्यातून बाहेर पडतात. यांच्या पट्ट्यांच्या कडेला धाग्यासारखे नाजूक अवयव होते, ते गळून पडलेले. ब्लास्टॉइड पर्मियनच्या शेवटी कायमचे गेले. क्रिनॉइडही त्या संहारातून जेमतेम वाचले, ट्रायासिकमध्ये थोड्याशा उरलेल्यांपासून पुन्हा पसरले. एन्क्रिनस त्या पसाऱ्याच्या सुरुवातीच्या काळातला.

चिठ्ठी कोणी लिहिली कुणास ठाऊक. जुनी चिठ्ठी तशीच खोक्यात ठेवली, शेजारी नवी घातली. जुन्या चिठ्ठ्या फेकायच्या नाहीत, हा सरांचा नियम मला पटतो.

काचेच्या नळीतल्या तारा-चकत्याही आज झाल्या. तोंडावर पाच पाकळ्यांची नक्षी, प्रत्येक पाकळीच्या कडेने दातेरी रेघ. हा आयसोक्रिनिड गट, दांड्याचे जे आज जिवंत आहेत त्यांतलाही मुख्य गट हाच. एवढ्यावर गट सांगता येतो, पुढे जायला आधार नाही. स्थळ लिहिलेलं नाही. "ठिकाण अज्ञात, म्हणून वय अज्ञात" असं लिहिलं आणि पुढे गेलो.

३ डिसेंबर

थिन सेक्शन. डर्बिशायरचा पॉलिश केलेला तुकडा कापायला सर तयार नव्हते, पण त्याच खोक्यात त्याच खडकाचा एक ओबडधोबड ढलपा होता, तो मिळाला. दोन काप घेतले: एकात चकत्या समोरून दिसतील असा, दुसऱ्यात दांडा उभा चिरलेला.

हे काम काकांचं, आम्ही हाताखाली. कापलेली चीप काचेच्या प्लेटवर कार्बोरंडम पावडर आणि पाण्यात इंग्रजी आठाच्या आकारात घासायची, आधी जाड पावडर, मग बारीक, दर वेळी हात, काच, चीप सगळं धुऊन. जाड पावडरचा एक कण जरी बारीकमध्ये गेला तरी चरे पडतात. मग स्लाइडला इपॉक्सीने चिकटवायची आणि दुसऱ्या बाजूने घासत ०.०३ मिलिमीटरपर्यंत आणायची. नेहमीच्या खडकात जाडी कळते ती क्वार्ट्झवरून: क्रॉस्ड निकॉलमध्ये, म्हणजे एकमेकींना आडव्या दोन ध्रुवक गाळण्यांमधून बघताना, तो करडा-पांढरा दिसला की थांबायचं. चुनखडकात क्वार्ट्झ कुठून आणणार? काकांनी ड्रॉवरमधून एक पुडी काढली. "कन्हानची रेती हाये. चार कण बाजूले चिकटवा, मंग घासा. रेती सांगते कवा थांबाचं थे." पुस्तकात कुठे वाचलं नव्हतं. संध्याकाळी कन्हानच्या रेतीचे कण छान करडे झाले आणि काकांनी चीप आमच्या हातातून काढून घेतली.

६ डिसेंबर

पोलरायझिंग मायक्रोस्कोप. ही नोंद लांब होणार.

आधी साध्या प्रकाशात. चकतीचा काप धुळकट, किंचित तपकिरी. भोवतीचं सिमेंट, म्हणजे कणांच्या मधे नंतर बसलेलं खनिज, स्वच्छ, काचेसारखं. जास्त वाढवून पाहिलं तर धुळकटपणात जाळी दिसते. जिवंत क्रिनॉइडचा प्रत्येक हाडतुकडा भरीव नसतो. त्यात कॅल्साइटची सूक्ष्म जाळी असते, स्टिरिओम, आणि जाळीच्या भोकांत मांस. मांस गेलं, भोकं भरली, पण भरताना अशुद्ध कण अडकले. तेच हे धुळकट ठिपके.

मग निकॉल क्रॉस केले आणि स्लाइडखालची गोल स्टेज फिरवली. आजूबाजूचा बारीक चिखल तसाच चमचमत राहिला आणि अख्खी चकती एकदम, एका दमात काळी झाली. आणखी ९० अंश, पुन्हा काळी. म्हणजे अर्ध्या सेंटिमीटरची ही नक्षीदार, भोकाची, जाळीदार वस्तू कॅल्साइटचा एकच स्फटिक आहे. एकायनोडर्मची ही खासियत आहे. शिंपल्यात असंख्य बारीक स्फटिक असतात, इथे प्राणी एका स्फटिकाला हवा तो आकार देतो.

त्याहून गंमत चकतीच्या बाहेर. भोवतीचं स्वच्छ सिमेंटही चकतीबरोबरच काळं होतं. समुद्रतळावर, मग गाळाखाली, पाण्यातून कॅल्साइट बसायला लागलं तेव्हा त्याने चकतीचाच स्फटिक पुढे वाढवला, दिशा तीच ठेवून. साध्या प्रकाशात सीमा स्पष्ट, धुळकट आत आणि स्वच्छ बाहेर. क्रॉस्ड निकॉलमध्ये सीमा गायब. क्लीव्हेजच्या, म्हणजे स्फटिक ज्या सपाट पातळ्यांवर फुटतो त्यांच्या, तिरप्या रेघा आतून बाहेर सरळ जातात, मधे कुठे मोडत नाहीत. मी आणि पार्टनर आळीपाळीने निकॉल आत-बाहेर करत बसलो, काका चहा ठेवून गेले तो गार झाला.

समोरून घेतलेला काप आणि उभा काप वेगळे वागतात. कॉलम्नलमध्ये स्फटिकाचा मुख्य अक्ष दांड्याच्या दिशेने असतो. त्यामुळे दांड्याला बरोबर आडवा काप घेतला तर आपण अक्षावरूनच खाली बघतो आणि स्टेज कितीही फिरवा, चकती काळीच राहायला हवी. आमची राहत नाही, रंग चढतात. कारण काप थोडा तिरका गेला आहे आणि कॅल्साइटला तेवढा तिरकसपणा पुरतो. सरांनी भिंग बदलून अभिसारी प्रकाशात दाखवलं: काळा फुलीचा आकार, भोवती दाट रंगीत कडी, फुलीचं केंद्र मध्यापासून जरासं सरकलेलं. जेवढं सरकलं तेवढा आमचा काप तिरका. उभ्या कापात असं काही दिसत नाही, अक्ष स्लाइडमध्ये आडवा पडलेला असतो.

याचा उपयोग काय? समजा चिखलाच्या खडकात एक मिलिमीटरचा, कडा झिजलेला कण आहे. आकार गेला, भोक दिसत नाही. पण तो एकसंध काळा होतो, आत धुळकट जाळी आहे आणि भोवती त्याच दिशेचं सिमेंट आहे. एकायनोडर्म, इथवर शंका नाही. क्रिनॉइड की सी अर्चिन, हे मात्र आकाराशिवाय सांगणं अवघड.

१२ डिसेंबर

डाग देणं. अलिझरिन रेड एस आणि पोटॅशियम फेरिसायनाइड, पातळ हायड्रोक्लोरिक आम्लात. सेक्शनचा अर्धा भाग बुडवायचा, अर्धा तुलनेला कोरा ठेवायचा. कॅल्साइट गुलाबी-लाल होतो, लोह असलेला कॅल्साइट जांभळट-निळा, डोलोमाइट कोरा राहतो. आमची चकती लाल. सिमेंटचा चकतीला चिकटलेला पट्टा लाल, त्याबाहेरचा जांभळा. म्हणजे आधीचं सिमेंट वरच्या, ऑक्सिजन असलेल्या पाण्यातलं, आणि नंतरचं खोल गाडलं गेल्यावरचं, जिथे विरघळलेलं लोह स्फटिकात शिरू शकतं. बोटं दोन दिवस जांभळी राहणार.

१७ डिसेंबर

अधिवेशन सुरू, सिव्हिल लाइन्सकडून जाणं मुश्कील. ग्रंथालय गाठलं ते लांबून फिरून.

हिस्लॉप वाचले. स्टीफन हिस्लॉप १८४५ मध्ये मिशनरी म्हणून नागपुरात आले. रॉबर्ट हंटर यांच्यासोबत त्यांनी नागपूर परिसराच्या खडकांवर लिहिलेला निबंध १८५५ चा. टाकळीच्या थरातले गोगलगायीचे शंख, माशांचे खवले, फळं, बिया, किड्यांची पंखझाकणं, असं सगळं त्यांनी गोळा करून लंडनला पाठवलं. १८६० च्या लेखात ते राजमहेंद्रीजवळच्या शंखांकडे वळतात, आणि तिथे समुद्राचा वास असलेले प्रकार आहेत हे त्यांच्या ध्यानात येतं. नागपूरला गोडं पाणी, राजमहेंद्रीला खाडी. शंखांवरून एवढं ओळखणारा माणूस क्रिनॉइडची चकती समोर आली असती तर सोडता ना. टाकळीत ती नव्हतीच.

अलीकडची भर: छिंदवाड्याजवळ झिलमिलीच्या इंटरट्रॅपियनमध्ये ग्रेटा केलर आणि सहकाऱ्यांनी २००९ मध्ये समुद्री फोरॅमिनिफेरा, म्हणजे कवच असलेले सूक्ष्म एकपेशीय जीव, नोंदवले. म्हणजे लाव्हांच्या काळात समुद्राची एक जीभ मध्य भारतात आत आली होती, असा त्यांचा निष्कर्ष. पार्टनरचं लगेच सुरू झालं, "मग तिथे क्रिनॉइड शोधू." माझं म्हणणं, नदीचं पाणी मिसळणाऱ्या खाडीत शोधण्यात फारसा दम नाही.

२३ डिसेंबर

कामठी रोडवर दगडाच्या गोदामात. पार्टनरच्या मामांच्या घरी जैसलमेरचा पिवळा दगड बसवायचा आहे, त्यांच्यासोबत आम्हीही भिंग घेऊन. ज्युरासिक चुनखडक. शिंपल्यांचे काप तर उघड्या डोळ्यांनी दिसतात. फोडलेल्या कडेवर मधेच एखादा कण उन्हात आरशासारखा चमकतो, सपाट तोंड, बाजूचा खडक मातकट. एकच स्फटिक, क्लीव्हेजवर फुटलेला. एकायनोडर्म. मामांनी विचारलं, "याने फरशी चांगली राहील का?" त्याच्याशी याचा संबंध नाही, एवढंच सांगितलं. लिंबू सांडू नका म्हटलं.

१२ जानेवारी २०२५, रविवार

मनेंद्रगड. बिलासपूर आणि अनूपपूर मार्गे रेल्वेने. हे ठिकाण आता छत्तीसगडमध्ये. हसदेव नदीच्या काठी, आमाखेरवाजवळ. राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक आहे, त्यामुळे हातोडा घरीच ठेवला. फोटो, पट्टी, भिंग एवढंच.

आता तलचीरची गोष्ट. तलचीर हा गोंडवनाचा सगळ्यात खालचा भाग, हिमयुगाचा. आपल्या चंद्रपूरकडे इरईजवळ हिमनदीने घासून रेघा पाडलेला चुनखडक आहे, त्यावर फ्रान्सिस फेडन यांनी १८७५ मध्ये लिहिलं होतं. हिमनदीने आणलेले गोटे, त्यावर वितळलेल्या पाण्यात साचलेला हिरवट शेल. शाळेपासून गोंडवना म्हणजे जमिनीवरचे, नदी-तळ्यांचे थर हेच शिकतो. पण १९२० च्या दशकात उमरियाला आणि १९५४ मध्ये एस. के. घोष यांच्यामुळे मनेंद्रगडला समुद्री जीवाश्म समोर आले. बर्फ वितळला, समुद्र चढला आणि थोडा काळ आत घुसला. कोणत्या बाजूने, यावर अजून वाद आहेत. वय सुमारे २८ कोटी वर्षं.

नदीत पाणी कमी होतं. शेलच्या पृष्ठावर ठसेच ठसे. सगळ्यात ठळक युरिडेस्मा, जाड कवचाचा शिंपला, थंड पाण्यातला. हाच शिंपला ऑस्ट्रेलियात, दक्षिण अमेरिकेत, दक्षिण आफ्रिकेत आणि पाकिस्तानातल्या सॉल्ट रेंजमध्येही मिळतो. पंख्यासारख्या रेघांचा अ‍ॅव्हिक्युलोपेक्टेन हा शिंपला. जाळीदार ब्रायोझोआ, वसाहत करून राहणारे बारीक प्राणी. क्रिनॉइड इथल्या यादीत आहेत हे माहीत होतं, पण दुपारी ऊन तिरपं होईपर्यंत नजरेला पडले नाहीत. मग पार्टनरने बोलावलं. ओल्या शेलवर तीन मिलिमीटरचा गोल खळगा, मधे टोचल्यासारखा टिंबाएवढा उंचवटा, कडेला भिंगाखाली रेघा. कॅल्साइट केव्हाच विरघळून गेलेला, उरला तो साचा. खळग्याच्या तळाशी उंचवटा म्हणजे मूळ चकतीतलं भोक.

शिंपल्यांवरून कोणी म्हणू शकतं की पाणी मचूळ असेल, वितळणाऱ्या बर्फाचं. काही शिंपले ते चालवून घेतात. क्रिनॉइड चालवून घेत नाही. एक शंका अशी उरते की चकती लाटांनी लांबून वाहून आलेली असू शकते. पण वाहून आणणारा समुद्रही जवळच हवा.

पट्टी ठेवून फोटो घेतला, जागा लिहिली, खळगा आहे तिथेच.

१५ जानेवारी

काल संक्रांत, विभागात तिळगूळ. काकांना फोटो दाखवला. "पाचशे किलोमीटर गेल्या नं पोरी, एवढ्याश्या खड्ड्यासाठी?" मग स्वतःच भिंग मागून घेतलं.

२३ जानेवारी

मनेंद्रगडहून आल्यावर ड्रॉवरमधला चर्टचा नमुना वेगळाच दिसायला लागला. डर्बिशायरमध्ये याला स्क्रूचे दगड म्हणतात. चर्टने दांड्याला बाहेरून वेढलं आणि मधल्या भोकात व चकत्यांच्या फटींतही तो शिरला. नंतर कॅल्साइट विरघळला. उरला मधला खांब आणि त्याला फटींच्या जागी चर्टच्या गोल चकत्या, म्हणून स्क्रू. मनेंद्रगडचा खळगा हे त्याचंच साधं रूप.

ओळखीच्या दंतवैद्याकडून दातांचं माप घ्यायचं सिलिकॉन आणलं. पोकळीत आधी साबणाचं पाणी, मग सिलिकॉन दाबलं. निघालं ते दांड्याचं एक पूर्ण बोटभर रूप, प्रत्येक चकतीची फुगीर कड वेगळी, दर तिसरी-चौथी जाड. नोडल. मूळ कॅल्साइटचा कणही नाही आणि तरी दांड्याची बांधणी एन्क्रिनसच्या सुट्या चकत्यांपेक्षा इथे जास्त कळते, कारण क्रम टिकला आहे.

६ फेब्रुवारी

नोंदवही सरांना दाखवली. रकाने असे ठेवले: खोका, जुनी चिठ्ठी जशीच्या तशी, नवं वर्णन, मापं, कुठवर ओळख पटते, आणि का. शेवटून दुसऱ्या रकान्यात बहुतेक ठिकाणी "क्रिनॉइड, दांड्याची चकती" एवढंच आहे. पार्टनरने अजून एकदा वाद घातला की निदान डर्बिशायरच्या मोठ्या चकत्यांना नाव द्यावं. सरांनी तिलाच विचारलं, पेला कुठे आहे? तिने वही पुढे ढकलली आणि म्हणाली, लिहा मग अनिश्चित.

सरांची एक सूचना पटली. ड्रॉवरच्या वरच्या बाजूला मनेंद्रगडच्या खळग्याचा मोठा फोटो आणि त्याखाली चर्टच्या पोकळीतून काढलेलं सिलिकॉनचं रूप ठेवायचं, म्हणजे पुढच्या बॅचला चकती, ठसा आणि त्यातून काढलेलं रूप एका नजरेत दिसतील. शेजारी टाकळीच्या गोगलगायींचा, फायसा प्रिन्सेपीचा खोकाही ड्रॉवर नंबर ९ मधून हलवायचा आहे. काकांनी नवीन कडी बसवून दिली. सेक्शनचा कोरा अर्धा भाग अजून झाकायचा राहिलाय, कव्हर स्लिप संपल्यात, सोमवारी आणायच्या.